सुभद्राबाईंची गैरहजेरी

जुन्नरच्या कोर्टात मी वकिली सुरू केली तेव्हा माझ्याकडे एक टेबल, दोन खुर्च्या आणि दहा-बारा फायली होत्या. त्यांतली येडगावच्या सुभद्राबाईंची फाइल मला सगळ्यांत सोपी वाटली होती. पुढची दहा-अकरा वर्षं मला सगळ्यांत जास्त छळलं ते त्याच फायलीनं.

नव्वदच्या दशकाची सुरुवात होती. त्या पहिल्यांदा आल्या त्या स्वतःच्या कामासाठी नव्हे. गावातल्या एका बाईची वारस नोंद अडली होती, तिला घेऊन आल्या होत्या. ती बाई तोंडावर पदर घेऊन बसली आणि सुभद्राबाईंनी फेरफार क्रमांकासकट सगळं सांगितलं. मी अर्ज लिहून दिला. ती बाई चपला घालायला बाहेर गेली तशा सुभद्राबाई दारातून मागं वळल्या.

"ताई, माणूस सात वर्सं आला न्हाई तर कोर्ट त्याला मेला म्हणतं, खरं हाय का हे?"

"खरं आहे. कोण आलं नाही?"

"आमचं मालक," त्या म्हणाल्या, आणि "परवा कागद घेऊन येते," असं सांगून त्या बाईला एसटी धरून द्यायला निघून गेल्या.

परवा म्हणजे परवाच आल्या. साडेदहा म्हणाल्या होत्या, मी कुलूप काढत होते तर त्या पायरीवर बसलेल्या. पिशवीतून एकेक कागद काढून त्यांनी टेबलावर मांडला. नवरा बबन ट्रक चालवायचा. नारायणगावहून कांदा भरून सुरतेला निघाला आणि वाटेत एका पेट्रोल पंपावर गाडी लावून, "चहा पिऊन येतो," असं सांगून गेला तो परत आला नाही. गाडी जागेवर, माल जागेवर, चावी पंपावरच्या माणसाकडे. पोलिसांत दिलेली तक्रार, वर्तमानपत्रातली जाहिरात, ट्रकमालकाचं पत्र, सगळं होतं. नऊ वर्षं उलटून गेली होती. मूलबाळ नव्हतं. घरात त्या आणि सासू.

अडचण जमिनीची होती. कालव्याच्या कडेची जमीन बबनच्या नावावर. शेजारची त्याच्या धाकट्या भावाची, नामदेवची. नामदेव दर वर्षी नांगरताना बांध थोडा थोडा अलीकडे सारायचा. त्याला हटकलं की म्हणायचा, "जमीन माझ्या भावाची हाय. भाऊ आला की बघू." विहिरीवर मोटारीचं कनेक्शन मागायला गेलं की वीज मंडळात खातेदाराची सही मागायचे. तलाठी मृत्यूचा दाखला मागायचा. तेव्हा नवरा मयत असल्याचं कोर्टाकडून जाहीर करून घ्यायचं, एवढाच आमचा दावा. त्यात सुभद्राबाईंनी पिंजऱ्यात उभं राहून चार वाक्यं सांगायची होती.

दावा दाखल झाला. नामदेव प्रतिवादी. त्यानं लेखी जबाब दिला की भाऊ जिवंत आहे, बायकोशी पटेना म्हणून घर सोडून गेला आहे. मला त्याची काळजी वाटली नाही. अशी वादी मला परत मिळाली नसती. चौथीपर्यंत शिकलेली ही बाई उलटं वाचायची. टेबलापलीकडे कारकून रजिस्टर उघडून बसलेला असला की अलीकडून उभ्या उभ्या त्यांनी पान वाचलेलं असायचं. एकदा तहसील कचेरीत कारकून एका म्हाताऱ्याला सांगत होता, "तुमचं प्रकरण अजून आलं नाही." सुभद्राबाई म्हणाल्या, "भाऊ, तुमच्या बोटाच्या खालीच हाय की. वरनं तिसरं." कारकुनानं बोट उचललं. खरंच होतं.

मी विचारलं, कुठं शिकलात हे?

"आपल्याकडं कागद फिरवून कुणी दाखवलाच न्हाई. मग काय करायचं?"

गावात कुणाचंही सरकारी काम निघालं की सोबतीला सुभद्राबाई. घड्याळ नाही, पण एसटी चुकायची नाही. दवाखाना, कचेरी, कोर्ट. दुसऱ्याच्या तारखा तोंडपाठ. कुणी विचारलं की स्वतःचं काम कधी करता, तर म्हणायच्या, "माझं काय, माझं व्हतंय."

व्हायला मात्र तयार नव्हतं. पुराव्याची पहिली तारीख आली, त्या आल्या नाहीत. मी मुदतीचा अर्ज दिला. दुसरी तारीख, तिसरी तारीख, तेच. विचारलं की म्हणायच्या कांदा लावायचा होता, नाहीतर शेळी व्यायली. चौथ्या तारखेला मलाच घोडेगावच्या कोर्टात काम निघालं. सुभद्राबाईंना निरोप दिला होता की तुम्ही नुसत्या हजर राहा, मी दुपारपर्यंत येते. आले तेव्हा पट्टेवाल्यानं सांगितलं, "बाई, तुमचं येडगाव गेलं. तीनदा पुकारा केला. इकडनं कुणी न्हाई, तिकडनंबी कुणी न्हाई."

रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या नोंदीत, एका ओळीत लिहिलं होतं: वादी व प्रतिवादी गैरहजर, दावा काढून टाकला.

तो पुन्हा फायलीवर घेण्यासाठी अर्ज करता येतो, पण गैरहजेरीचं कारण पटवावं लागतं. मी नेहमीचं कारण लिहिलं, प्रकृती अस्वास्थ्य. सुभद्राबाई सहीला आल्या. मी वाचून दाखवलं.

"मी आजारी न्हवते, ताई."

"अहो, असंच लिहितात."

"लिवत असतील. मी शपथेवर खोटी सही न्हाई करायची."

"मग काय लिहू?"

"लिवा, आली न्हाई."

"का आला नाहीत ते लिहावं लागतं."

त्यांनी पेन टेबलावर ठेवलं. शेवटी मी माझंच नाव पुढं केलं. वकील दुसऱ्या कोर्टात अडकल्यामुळे, असं लिहिलं. ते खरंही होतं. दावा परत फायलीवर आला. मी त्यांना बजावलं की आता असं केलंत तर मी जबाबदार नाही. त्यांनी मान हलवली.

त्यानंतरची तारीख गुरुवारची होती. मंगळवारी मी घोडेगावला गेले तर कोर्टाच्या ओसरीवर सुभद्राबाई. आहुप्याची एक तरुण मुलगी नवऱ्यानं टाकली होती, नात्यातली होती म्हणे, तिच्या पोटगीच्या तारखेला सोबत आल्या होत्या. येडगावहून घोडेगाव, दोन एसट्या बदलून. मुलगी घाबरली होती, तिच्या पाठीवर हात ठेवून त्या सांगत होत्या, "साहेब विचारतील तेवढंच सांगायचं. रडायचं न्हाई. रडलं की त्यांना लिवता येत न्हाई."

मी म्हणाले, "सुभद्राबाई, परवा तुमची आहे."

"ठाऊक हाय."

"साहेबांनी शेवटची संधी दिलीय. रोजनाम्यात तसं लिहिलंय."

"येते की."

गुरुवारी नामदेव त्याच्या वकिलासह अकरा वाजता हजर होता. सुभद्राबाई नव्हत्या. मी दोनदा प्रकरण मागं ठेवायला लावलं. रस्त्यावर जाऊन स्टँडकडून येणारी माणसं बघितली. तीन वाजता पुन्हा पुकारा झाला. न्यायाधीशांनी माझ्याकडे बघितलं. मी मुदत मागायला हवी होती. नाकारली असती कदाचित, पण मागायला हवी होती. मला त्या दिवशी इतका राग आला होता की मी म्हणाले, "मला पक्षकाराच्या काही सूचना नाहीत."

वकिलानं असं म्हटलं की वादीच्या बाजूनं कुणीच उरत नाही. वादी गैरहजर, प्रतिवादी हजर, दावा काढून टाकला. या वेळच्या हुकमाचा अर्थ वेगळा होता. प्रतिवादी हजर असताना दावा असा गेला तर त्याच कारणासाठी नवा दावा घालता येत नाही. तीस दिवसांत हाच हुकूम उठवून घ्यायचा, नाहीतर संपलं. नामदेवच्या वकिलानं फाइल मिटताना माझ्याकडे बघून मान तुकवली. मला त्याचाही राग आला.

दुसऱ्या दिवशी मी तडक येडगावला गेले. काय काय बोलायचं ते एसटीत ठरवून ठेवलं होतं.

दारात एक वाळलेली म्हातारी बसली होती. इरकली लुगडं नेसलेली, केस पाणी लावून चापून बसवलेले, मांडीवर टॉवेलात गुंडाळलेलं काहीतरी. मी कोण ते सांगितलं. तिनं माझा हात दोन्ही हातांत धरला.

"तुमीच व्हय त्या वकीलबाई. माज्या बबनचा तपास लावताय."

तिनं टॉवेल सोडला. आत भिंतीवरून उतरवलेला बबनचा फोटो होता, काचेसकट.

"काल सकाळधरनं तयार बसले व्हते. म्हटलं, साहेबाला फोटू दावते. कानापाशी वण हाय, तो फोटूत दिसत न्हाई, तो सांगते. तर सुभद्रा म्हणली आज कोर्ट न्हाई. दर खेपेला असंच व्हतंय. लई लांबण लावली बघा कोर्टानं."

सुभद्राबाई मागच्या दारानं आल्या. डोक्यावर गवताचा भारा होता. मला पाहून तो त्यांनी खाली टाकला आणि म्हणाल्या, "आत्याबाई, उन्हात बसू नका." मग मला घेऊन कालव्याच्या कडेला गेल्या.

"दावा घातला तवा कागद घरी आला," त्या म्हणाल्या. "त्यांनी इचारलं, कशाचा? मी म्हटलं, कोर्ट ह्यांना शोधतंय. एकदाच म्हटलं. मला काय ठाऊक, त्या तारखा मोजत बसतील."

"तुम्ही एकट्या निघून यायचं होतं. बाजाराला चालले म्हणून सांगायचं."

"आले व्हते की एकदा. नारायणगावच्या स्टँडवर बसले आन् मनात म्हणून बघितलं, काय सांगायचं ते. माझा नवरा मेला. तिथनं माघारी घरी जायचं, आत्याबाईंना भाकरी वाढायची, त्या इचारणार काय म्हणाले साहेब. मला काय ते जमंना. एसटी लागली व्हती जुन्नरची. मी उठलेच न्हाई."

"मग सांगून टाका त्यांना खरं. कधीतरी सांगावंच लागेल."

"तुमी सांगता?"

मी मागं वळून बघितलं. म्हातारी दारात उठून उभी राहिली होती आणि कपाळावर हात धरून आमच्याकडे बघत होती. आम्ही तिच्या मुलाबद्दल बोलतोय हे तिला कळलं असणार. ठरवून आणलेलं मी काहीच बोलले नाही. चहा पिऊन परत आले.

तीस दिवसांच्या आत मी अर्ज केला. या वेळी सुभद्राबाईंनी जे घडलं तेच लिहायला लावलं. सासूला खरं सांगू शकत नाही, ती बरोबर यायला तयार होऊन बसते, म्हणून मी गैरहजर राहिले. खाली त्यांनी एकेक अक्षर कोरून सही केली. असा अर्ज मी ना आधी कधी लिहिला, ना नंतर.

नामदेवच्या वकिलानं तो मोठ्यानं वाचून दाखवला आणि म्हणाला, "साहेब, सख्खी आई मुलाला जिवंत समजते, हेच आम्ही म्हणतोय." नामदेव मागच्या बाकावर बसला होता. आईचं नाव निघालं तशी त्यानं मान खाली घातली. न्यायाधीशांनी सहानुभूती व्यक्त केली आणि कारण पुरेसं नाही म्हणून अर्ज नामंजूर केला.

मग पुण्याला जिल्हा न्यायालयात अपील. ते सहा वर्षं चाललं. साहेब बदलले, फाइल एकदा जुन्नरला आणि एकदा रेकॉर्ड रूममध्ये सापडेनाशी झाली, दोनदा सुनावणी संपली आणि निकालाआधी बदली झाली म्हणून पुन्हा पहिल्यापासून. मी वैतागून गेले होते. सुभद्राबाई मात्र पुण्याच्या एकाही तारखेला चुकल्या नाहीत, आणि तिथं त्यांचं काही काम नव्हतं. मी चिडून म्हटलं, "जिथं गरज होती तिथं आला नाहीत, आणि इथं कशाला येता?"

"इथं त्यांना मेला म्हणायचं न्हाई ना," त्या म्हणाल्या. "इथं नुसतं म्हणायचं, मला परत बोलवा."

या सहा वर्षांत नामदेवचा बांध चांगलाच अलीकडे आला. कालव्यालगतची पट्टी त्यानं पुरती धरली, तिथं डाळिंबं लावली. विहिरीवर मोटार बसली नाही. सुभद्राबाई कोरडवाहू बाजरी करत राहिल्या आणि दुसऱ्याच्या मळ्यात खुडणीला जात राहिल्या. सासूला काय सांगतात, हे मी कधी विचारलं नाही.

एके दिवशी दुपारी त्या माझ्या ऑफिसात आल्या. खुर्चीवर कधी न बसणारी बाई खुर्चीवर बसली.

"आत्याबाई गेल्या. काल दहावा झाला." पिशवी मांडीवर घेऊन म्हणाल्या, "आता कवाबी पुकारू द्या. येते."

अपील त्यानंतर चार-पाच महिन्यांनी मंजूर झालं. वादीला एक संधी देण्यात येत आहे, असं निकालात लिहिलं होतं. पुन्हा जुन्नर, पुन्हा तेच कोर्ट, तिसरे की चौथे न्यायाधीश. पुराव्याच्या तारखेला मी पोचले तेव्हा त्या आलेल्या होत्या. पट्टेवाल्याला एकदाच पुकारावं लागलं.

शपथ झाली. मी विचारलं, "पतीला शेवटचं कधी पाहिलं?"

"दारातनं. गाडी धरायला निघाले तवा. फडक्यात भाकरी बांधून दिल्या व्हत्या."

"त्यानंतर त्यांचं पत्र, निरोप, कुणाला दिसल्याची बातमी?"

"काय न्हाई."

"ते आज हयात आहेत असं तुम्हाला वाटतं का?"

त्यांनी पिंजऱ्याच्या कठड्यावरचा हात काढून पदराखाली घेतला. टंकलेखकाचं यंत्र थांबलं. न्यायाधीशांनी वर बघितलं. मला वाटलं, ही बाई आत्ता उतरून बाहेर जाईल आणि मी परत पुण्याला.

"न्हाई वाटत," त्या म्हणाल्या. मग न्यायाधीशांकडे वळून म्हणाल्या, "लिवा साहेब. मेले ते."

नामदेवचा वकील उलटतपासणीला उठला. त्यानं त्यांच्या कपाळाकडे बोट केलं. "बाई, तुम्ही आजही कुंकू लावता?"

"व्हय."

"म्हणजे नवरा जिवंत आहे असं तुम्हीच मानता."

"आत्याबाई व्हत्या तवर त्यांच्यासाठी लावत व्हते. मोकळं कपाळ त्यांना काय म्हणून दाखवू? त्या गेल्या. मग म्हटलं, इतकी वर्सं लावलं ते आता कोर्टात यायचं म्हणून कशाला पुसू?"

वकील खाली बसला.

दावा मंजूर झाला. मला आनंद व्हायला हवा होता. पण निकालाची नक्कल हातात पडली तेव्हा मी हिशेब केला तो वर्षांचा. चार वाक्यांसाठी दहा वर्षांहून जास्त गेली होती, आणि डाळिंबाची पट्टी तरीही नामदेवकडेच होती. तिच्यासाठी मोजणी आणि वेगळा दावा. मी तसं सांगितलं. त्या म्हणाल्या, "आधी ह्यो कागद लागू द्या."

तोही सुखानं लागला नाही. ग्रामपंचायतीत ग्रामसेवकानं नक्कल वाचली, रजिस्टर उघडलं आणि म्हणाला, "मयत तारीख?"

निकालात तारीख नव्हती. बबन मयत आहे असं होतं, केव्हा ते नव्हतं. ते कुणालाच माहीत नव्हतं. "तारखेशिवाय नोंद होत नाही," म्हणून त्यानं कागद परत केला. पुन्हा मी कोर्टात अर्ज केला, पुन्हा तीन महिने. अखेर हुकूम आला की निकालाचा दिवस हीच मृत्यूची तारीख धरावी.

त्या दिवशी मी मुद्दाम त्यांच्याबरोबर येडगावला गेले. पुन्हा काही खुसपट निघालं तर तिथल्या तिथं बोलायला. ग्रामसेवकानं नोंद केली, दाखला लिहिला, शिक्का मारला. सुभद्राबाईंनी तारखेवर बोट ठेवलं.

"ही आत्याबाईंच्या नंतरची ना?"

"हो," मी म्हणाले. माझ्या डोक्यात कायदा होता. मुलगा आईच्या आधी गेला असता तर आईला वाटा मिळाला असता आणि तिच्यामागे तो नामदेवकडे गेला असता. आता तसं होणार नव्हतं. मी त्यांना तेच सांगू लागले.

"तसं न्हाई," त्या म्हणाल्या. "पोरगं गेलेलं त्यांना बघावं लागलं न्हाई. कागदावर तरी."

दाखल्याच्या दोन प्रती घेतल्या होत्या. एक त्यांनी मला फायलीसाठी दिली. दुसरी हातात तशीच धरून त्या निघाल्या. मला वाटलं घरी. मी रस्त्याच्या कडेला एसटीची वाट बघत उभी राहिले. त्या घराकडे न वळता खालच्या अंगाला, नामदेवच्या घराकडे गेल्या. दहा वर्षं कोर्टात एकमेकांकडे न बघितलेली ही दोन माणसं. मी काळजीनं दोन पावलं पुढं गेले.

नामदेव अंगणात खाटेवर बसला होता. सुभद्राबाई अंगणाच्या कडेला थांबल्या आणि काहीतरी बोलल्या. एवढ्या अंतरावरून मला ऐकू आलं नाही. त्यांनी कागद पुढं केला. तो उठून उभा राहिला. कागद घ्यायच्या आधी त्यानं डोक्यावरची टोपी काढली, आणि ती हातात धरून तसाच उभा राहिला. घरातून कुणीतरी बाहेर येऊन दारात थबकलं.

सुभद्राबाई अंगणात खाली जमिनीवर बसल्या. थोड्या वेळानं नामदेवही त्यांच्यापासून हातभर अंतरावर बसला. माझी एसटी आली तेव्हा दोघं तशीच बसलेली होती, आणि तो कागद त्यांच्या मधोमध मातीत ठेवलेला होता.